पडदा उघडण्यापूर्वी

वर्धापनदिनाच्या स्मरणिकेत एखाद्या नामवंत व्यक्तीचे चरित्र असावे, अशी आपल्या मंडळाची प्रथा आहे. यंदा ते काम चिटणीसबाईंनी माझ्याकडे सोपविले. संत, सुधारक यांच्याविषयी आजवर पुष्कळ लिहून झाले आहे. म्हणून मी अमेरिकेत लोकांची करमणूक करणारे बिल कलन यांची निवड केली. तिकडे असलेल्या माझ्या भाचीने त्यांचे जुने कार्यक्रम मला दाखविले. निवडीचे खरे कारण भगिनींना शेवटी कळेलच.

विल्यम लॉरेन्स कलन यांचा जन्म १८ फेब्रुवारी १९२० रोजी पिट्सबर्ग या पोलाद-कारखान्यांच्या शहरी झाला. आईवडिलांचे ते एकुलते एक. दीड वर्षाचे असताना त्यांना पोलिओ झाला आणि चाल कायमची अधू झाली. डॉक्टर होण्याच्या इच्छेने ते विद्यापीठात गेले. परंतु पैशाअभावी तो मार्ग सोडावा लागला. मग शहरातल्याच एका नभोवाणी केंद्रावर ते गाण्यांच्या तबकड्या लावू लागले आणि दोन गाण्यांच्या मध्ये श्रोत्यांशी बोलू लागले. खेळांच्या सामन्यांचे वर्णनही करीत. नभोवाणीवर पाय कोणाला दिसत नाही. तेथे माणूस म्हणजे त्याचा आवाज!

१९४४ साली ते न्यूयॉर्कला आले आणि सी. बी. एस. या मोठ्या संस्थेत निवेदक झाले. पगार बेताचा; म्हणून नामांकित कलावंतांना विनोद लिहून देत. १९४६ साली 'विनर टेक ऑल' हा प्रश्नोत्तरांचा खेळ नभोवाणीवर सुरू झाला. त्यात आधी निवेदक असलेले कलन पुढे सूत्रधार झाले आणि त्यांना आयुष्याचे काम सापडले.

इतक्यात दूरचित्रवाणी आली. आता नुसता आवाज पुरेना; माणूस दिसू लागला. २६ नोव्हेंबर १९५६ रोजी 'द प्राइस इज राइट' हा कार्यक्रम सुरू झाला. खेळ अगदी आपल्या बायकांच्या आवडीचा! चार स्पर्धकांपुढे एखादी वस्तू ठेवायची आणि त्यांनी किंमत ओळखायची. खऱ्या किमतीच्या वर न जाता जो सर्वांत जवळ जाईल, वस्तू त्याची. बक्षिसांत मोटारी असत. एकदा तर जिवंत हत्ती दिला गेला. १९५८ च्या सुमारास तिकडच्या काही प्रश्नोत्तर-कार्यक्रमांत स्पर्धकांना आधीच उत्तरे पुरविल्याचे उघडकीस आले आणि मोठा गहजब झाला. कलन यांचा कार्यक्रम मात्र १९६५ पर्यंत चालला.

या सर्व वर्षांत त्यांची चाल प्रेक्षकांना क्वचितच दिसली. कार्यक्रम सुरू होई तेव्हा ते मेजामागे आपल्या जागी असत. स्पर्धक त्यांच्याकडे येत, ते कोणाकडे जात नसत. मेल ब्रूक्स हे विनोदी नट एकदा त्यांच्या कार्यक्रमात पाहुणे होते. कार्यक्रमानंतर कलन लंगडत येताना पाहून, हे गंमत करीत आहेत असे त्यांना वाटले व तेही तसेच चालू लागले. भोवतालचे लोक ओशाळले. पण कलन रागावले नाहीत. आपल्या चालीची कोणीतरी मोकळेपणाने थट्टा केली, याचे त्यांना बरेच वाटले.

१९७२ साली तोच खेळ नव्या स्वरूपात आला. आता सूत्रधाराने रंगमंचभर फिरायचे होते. ते कलन यांना झेपणारे नव्हते. काम बॉब बार्कर यांना मिळाले. तरीही कलन थांबले नाहीत. १९८० साली सुरू झालेल्या 'ब्लॉकबस्टर्स'सह, वीसहून अधिक खेळांचे सूत्रसंचालन त्यांनी केले. ७ जुलै १९९० रोजी फुप्फुसाच्या कर्करोगाने ते वारले.

त्यांनी पाय लपविला यात मी दोष पाहत नाही. लोक आधी पाय पाहतात आणि मग माणूस, हे मला ठाऊक आहे. पण त्या काळी अमेरिकेतल्या कितीतरी घरांत पायाला पट्टे बांधलेली मुले तो कार्यक्रम पाहत बसली असतील. पडद्यावरचा हा हसरा माणूस आपल्यापैकीच आहे, हे त्यांना कळलेच नसेल. याची मात्र हळहळ वाटते.

आता निवडीचे कारण. मला दोन वर्षांची असताना पोलिओ झाला. आपल्या वर्धापनदिनाचे निवेदन मी अनेक वर्षे करते. पण पडदा उघडण्यापूर्वीच ध्वनिक्षेपकापाशी जाऊन उभी राहते आणि पडदा पडल्यावरच निघते, हे कितीजणींच्या ध्यानात आले असेल? २०१४ साली आपला देश पोलिओमुक्त जाहीर झाला. त्याचा आनंद आहेच. पण आमच्या पिढीचे पाय तर आहेत तसेच आहेत.

यंदा मी चिटणीसबाईंना सांगून ठेवले आहे, आधी पडदा उघडा. मी मागाहून येईन. थोडा वेळ लागेल, तेवढा सांभाळून घ्यावा.