बिली संडे : मैदान सोडून आलेला खेळाडू

आपल्याकडे क्रिकेट, तसा अमेरिकेत बेसबॉल. त्या खेळातील नामांकित खेळाडू भर उमेदीत मैदान सोडून सुवार्तिक होतो, ही गोष्ट तेव्हाही अनेकांना वेडेपणाचीच वाटली असेल.

विल्यम ॲश्ली संडे ह्यांचा जन्म १९ नोव्हेंबर १८६२ रोजी आयोवा राज्यातील एम्स गावाजवळ झाला. आजोबा जर्मनीहून आलेले. त्यांच्या मूळ आडनावाचा अर्थही रविवारच. वडील यादवी युद्धात सैन्यात दाखल झाले होते. बिली जेमतेम महिन्याचे असतानाच ते छावणीत आजाराने वारले. मुलाला त्यांनी पाहिलेही नाही. पुढे दारिद्र्यामुळे आईने दहाएक वर्षांच्या बिलीला व त्यांच्या थोरल्या भावाला सैनिकांच्या अनाथ मुलांच्या आश्रमात पाठविले. मनावर दगड ठेवल्याशिवाय कोणती आई असे करील?

बिलींचे खरे भांडवल म्हणजे त्यांचे पाय. मार्शलटाउनच्या संघातील त्यांची धाव पाहून १८८३ साली कॅप ॲन्सन ह्यांनी त्यांना शिकागोच्या व्हाइट स्टॉकिंग्ज संघात घेतले. पहिल्याच सामन्यात ते चारही वेळा चेंडूला बॅट न लागता बाद झाले! फलंदाज म्हणून ते पुढेही बेताचेच राहिले. परंतु मैदानाच्या दूरच्या टोकाला, म्हणजे आउटफिल्डला, उंच चेंडूमागे धावून तो झेलावा तो त्यांनीच. गोलंदाजाची नजर चुकवून पुढचा तळ गाठण्याला त्या खेळात तळ चोरणे म्हणतात. एकट्या १८९० साली त्यांनी असे ८४ तळ चोरले. चोरी म्हणावी अशी त्यांची ही एकच!

१८८६-८७ च्या सुमारास एका रविवारी ते सहकारी खेळाडूंसह मद्यपान करून शिकागोच्या रस्त्यावर आले. तेथे पॅसिफिक गार्डन मिशनची मंडळी भजने गात होती. आई घरी गात असे तीच ती भजने. ते थबकले, पुन्हा पुन्हा मिशनमध्ये जाऊ लागले. सारा क्लार्क ह्या सेविकेने त्यांच्याशी प्रेमाने बोलून त्यांना प्रभूकडे आणले. त्यांनी मद्य सोडले, ते प्रेस्बिटेरियन मंडळीचे सभासद झाले. १८८८ साली नेल थॉम्पसन ह्यांच्याशी त्यांचा विवाह झाला.

खरी कसोटी १८९१ साली आली. एकीकडे वर्षाला ३,५०० डॉलर देणारा खेळाचा करार, दुसरीकडे शिकागोच्या वाय.एम.सी.ए.मध्ये महिना ८३ डॉलरची सेवा. पत्नी व लहान मूल पदरी असताना त्यांनी दुसरी वाट धरली. आजाऱ्यांना भेटणे, जिवाला कंटाळलेल्यांची समजूत घालणे, दारूच्या गुत्त्यांत जाऊन लोकांना सभेला बोलावणे, हे त्यांचे नवे काम.

१८९६ साली गार्नर गावी त्यांनी स्वतःची पहिली सभा घेतली. आधी तंबू असत. एकदा बर्फाने तंबू कोसळल्यावर लाकडी मंडप उभारू लागले. पावलांचा आवाज होऊ नये म्हणून जमिनीवर लाकडाचा भुसा पसरीत. व्यासपीठावरही ते खेळाडूच होते : धावत, घसरत, खुर्चीवर चढत. सभ्य मंडळींना हे रुचत नसे. १९१७ साली न्यूयॉर्कमध्ये दहा आठवड्यांत सुमारे ९८,००० लोक त्या भुशावरून पुढे आले. तेथे मिळालेले सुमारे १,२०,००० डॉलरचे दान त्यांनी युद्धकालीन सेवाकार्याला देऊन टाकले.

त्यांच्यात उणिवाही होत्या. दक्षिणेतील राज्यांत कृष्णवर्णीयांसाठी सभा वेगळ्या भरत, ती रीत त्यांनी मोडली नाही. जगाला प्रभूकडे बोलाविणाऱ्या ह्या पित्याला स्वतःच्या मुलग्यांनी फार दुःख दिले. १९३२ साली कन्या हेलन वारली, १९३३ साली पुत्र जॉर्जने आत्महत्या केली. ज्या दारूबंदीसाठी ते आयुष्यभर झगडले तीही त्याच वर्षी रद्द झाली. सभा लहान झाल्या होत्या. तरी बोलावणे येईल तेथे ते जात राहिले. ६ नोव्हेंबर १९३५ रोजी शिकागोमध्ये, वयाच्या ७२ व्या वर्षी, हृदयविकाराने त्यांचे निधन झाले. नेलबाई त्यानंतर बावीस वर्षे जगल्या, आणि ठिकठिकाणी बोलण्याचे काम त्यांनी चालू ठेवले.