पॅट्रिक गेडेस : शहराची नाडी पाहणारा वैद्य

या पाठाचा चरित्रनायक मराठी नाही. मराठीत त्याने काही लिहिले नाही आणि मुंबईत तो जेमतेम पाच वर्षे राहिला. तरीही तुमच्यापैकी जे अंधेरी, बोरिवली, मुलुंड किंवा घाटकोपर येथे राहतात आणि हा पाठ कदाचित लोकलच्या डब्यात उभ्यानेच वाचत आहेत, त्यांना हे चरित्र परके वाटणार नाही. शहर वाढताना कोणाला जागा मिळते आणि कोणाची जागा जाते, हाच प्रश्न पॅट्रिक गेडेस यांनी आयुष्यभर विचारला.

गेडेस यांचा जन्म २ ऑक्टोबर १८५४ रोजी स्कॉटलंडमधील बॅलटर येथे झाला. बालपण पर्थजवळच्या टेकडीवरील घरात आणि वडिलांच्या बागेत गेले. पुढे लंडनला थॉमस हक्सले या विख्यात शास्त्रज्ञाच्या हाताखाली त्यांनी जीवशास्त्राचे धडे घेतले. पदवी मात्र त्यांनी कधीच घेतली नाही. (नोकरी-संसार सांभाळून पदवीसाठी धडपडणाऱ्या तुम्हांला हे सांगावे की नाही, असा मला क्षणभर प्रश्न पडला होता.) १८७९ मध्ये संशोधनासाठी मेक्सिकोला गेले असता त्यांची दृष्टी अधू झाली आणि काही आठवडे अंधाऱ्या खोलीत काढावे लागले. सूक्ष्मदर्शकाखाली काम करण्याची उमेद तेथेच संपली. त्या अंधारात घडी घातलेल्या कागदाचे चौकोन बोटांनी चाचपत ते विचारांची मांडणी करू लागले. जीव, त्याचे कार्य आणि त्याचा परिसर यांचा परस्परसंबंध जसा वनस्पतीत शोधायचा, तसाच तो माणसांच्या वस्तीतही शोधता येईल, ही दिशा त्यांना पुढे सापडली.

१८८६ मध्ये त्यांचा विवाह ॲना मॉर्टन यांच्याशी झाला. चांगल्या वस्तीतील घर सोडून हे दांपत्य एडिंबरोच्या जुन्या भागात, जेम्स कोर्ट नावाच्या दाटीवाटीच्या इमारतीत राहायला गेले. तेथे त्यांनी शेजाऱ्यांच्या मदतीने भिंती रंगवल्या, खिडक्यांत फुलझाडे लावली आणि अगदीच मोडकळीला आलेला भाग तेवढा पाडून उजेडाला वाट करून दिली. ही गोष्ट लहान वाटेल, पण त्यांच्या पुढच्या सगळ्या कामाचे बीज तिच्यातच आहे. वस्ती घाण आहे म्हणून ती पाडून टाकावी, असा तो काळ होता. गेडेस मात्र आधी त्या वस्तीत राहायला गेले.

१९१४ मध्ये मद्रासचे गव्हर्नर लॉर्ड पेंटलंड यांनी त्यांना भारतात बोलावले. नगररचनेचे प्रदर्शन घेऊन येणारे जहाज एम्डेन या जर्मन युद्धनौकेने बुडवले आणि वर्षानुवर्षे जमवलेले नकाशे व चित्रे समुद्राच्या तळाशी गेली. मित्रांनी पुन्हा सामग्री गोळा करून पाठवली आणि १९१५ च्या आरंभी मद्रासला प्रदर्शन भरले. त्यानंतरच्या काही वर्षांत गेडेस यांनी तंजावरपासून लखनौपर्यंत अनेक शहरे पायी हिंडून पाहिली आणि त्यांविषयी अहवाल लिहिले.

त्या वेळच्या नगररचनेची रीत सोपी होती. नकाशावर पट्टी ठेवायची, सरळ रेघ ओढायची आणि रेघेखाली येणारी घरे पाडायची. १८९६ च्या प्लेगनंतर, १८९८ मध्ये स्थापन झालेल्या मुंबईच्या इम्प्रूव्हमेंट ट्रस्टनेही अनेक वस्त्या अशाच हटवल्या. घर गेलेला माणूस कामाचे ठिकाण सोडून दूर जाऊ शकत नाही, म्हणून तो शेजारच्या चाळीत शिरतो आणि ती चाळ आणखी दाटते. गेडेस यांचा आक्षेप नेमका या हिशेबावर होता. त्यांची पद्धत वैद्यासारखी होती. आधी नाडी पाहायची, म्हणजे गल्लीबोळ, विहिरी, झाडे, देवळे आणि लोकांचे धंदे यांची पाहणी करायची. मग आवश्यक तेवढाच छेद द्यायचा : पडीक घर काढून अंगण मोकळे करायचे, बोळ थोडा रुंद करायचा, झाड वाचवून रस्ता वळवायचा. डासांचे कारण सांगून तलाव बुजवण्यालाही त्यांचा विरोध होता. अळ्या खाणारे मासे सोडा, तलाव स्वच्छ करा, पण पाणी मुजवू नका, असे त्यांचे सांगणे असे.

१९१७ हे वर्ष त्यांच्यावर कोसळले. मुलगा अलास्डेअर फ्रान्सच्या रणभूमीवर मारला गेला. ॲना तेव्हा भारतातच तापाने अंथरुणाला खिळल्या होत्या. गेडेस यांनी ती बातमी पत्नीपासून लपवली आणि मुलाची जुनी पत्रे ते तिला वाचून दाखवत राहिले. काही आठवड्यांत ॲनाही गेल्या.

त्यानंतरचे त्यांचे मोठे काम मराठी राज्यकर्त्यांच्या इंदूरचे. होळकर दरबारासाठी त्यांनी लिहिलेला दोन खंडांचा अहवाल १९१८ मध्ये प्रसिद्ध झाला. शहरात प्लेगची दहशत होती. गेडेस यांनी दिवाळीच्या मिरवणुकीचा उपयोग करून घेतला. जेथे घरे सर्वांत स्वच्छ होतील त्या रस्त्यांनी मिरवणूक जाईल, असे जाहीर झाल्यावर गल्लोगल्ली झाडलोट आणि रंगरंगोटी सुरू झाली. मिरवणुकीत अस्वच्छतेचा राक्षस आणि प्लेगचा उंदीर होता, आणि सफाई कामगार शुभ्र वस्त्रे व हार घालून, नवे झाडू घेऊन मानाने चालत होते असे सांगतात. शेवटी राक्षस आणि उंदीर जाळण्यात आले. शहर स्वच्छ करण्याचा हुकूम त्यांनी काढला नाही, लोकांच्याच सणात तो विषय आणून ठेवला.

१९१९ मध्ये मुंबई विद्यापीठात समाजशास्त्र व नागरिकशास्त्र विभाग सुरू झाला आणि गेडेस त्याचे पहिले प्राध्यापक झाले. त्यांचे बोलणे पुटपुटल्यासारखे असे आणि विषय एका वाक्यात तीनदा वळे. तरीही त्या वर्गातून मालवणचे गो. स. घुर्ये घडले. संस्कृतचे हे विद्यार्थी गेडेस यांच्या शिफारशीने इंग्लंडला गेले आणि परतल्यावर १९२४ मध्ये त्याच विभागाचे प्रमुख झाले. खुद्द मुंबईने मात्र गेडेस यांचे फारसे ऐकले नाही. १९२० पासून सरकारच्या विकास विभागाने बॅकबेचा भराव आणि बीडीडी चाळी उभारायला घेतल्या. त्या कामांवर गेडेस यांच्या विचारांची छाप दिसत नाही.

त्याच १९२० मध्ये मुंबई उपनगर जिल्हा अस्तित्वात आला. साष्टी बेटावर तेव्हा भातखाचरे आणि आमराया होत्या. पुढे १९५० मध्ये अंधेरी-घाटकोपरचा आणि १९५७ मध्ये बोरिवली-मुलुंडपर्यंतचा पट्टा महापालिकेत आला. भाषेचा अभ्यासक म्हणून मला 'उपनगर' या शब्दाचे नवल वाटते. 'उप' म्हणजे जवळचे किंवा दुय्यम. २०११ च्या जनगणनेत मात्र शहर जिल्ह्यात सुमारे ३१ लाख आणि उपनगर जिल्ह्यात सुमारे ९३ लाख लोक होते. एकमेकांत मिसळत जाणाऱ्या शहरांसाठी 'कोनर्बेशन' हा शब्द गेडेस यांनीच घडवला, १९१५ च्या आपल्या पुस्तकात. मराठीत त्याला अजून रुळलेला प्रतिशब्द नाही. शहरे मात्र मिसळून गेली.

गेडेस डोंगरापासून समुद्रापर्यंत नदीखोऱ्याचा उभा छेद काढून दाखवत. वर लाकूडतोड्या आणि मेंढपाळ, मध्ये शेतकरी, खाली कोळी. शहर या सगळ्यांच्या कामांतून उभे राहते. असा छेद तुम्हांला बोरिवलीत काढता येईल. राष्ट्रीय उद्यानातील आदिवासी पाड्यांपासून निघून, तुळशीकडून येणाऱ्या दहिसर नदीच्या काठाने, गावठाणे आणि सोसायट्या ओलांडत गोराईच्या खाडीवरील कोळीवाड्यापर्यंत जा. मुलुंडकरांनी डोंगराकडून पूर्वेला मिठागरांपर्यंत यावे. वाटेत लोक पाण्याच्या प्रवाहाला काय म्हणतात ते टिपून ठेवा. पोईसर, ओशिवरा, मिठी या नद्या आहेत, पण बोलताना आपण त्यांना सर्रास नाला म्हणतो, आणि एकदा नाला म्हटले की काठ भरायला कोणाची हरकत राहत नाही. २६ जुलै २००५ रोजी सांताक्रूझला एका दिवसात ९४४ मिलिमीटर पाऊस पडला, तेव्हा मिठीने आपली जुनी रुंदी परत मागितली.

गेडेस यांच्या मर्यादाही ध्यानात घ्याव्यात. संस्थानिकांच्या आणि गव्हर्नरांच्या मर्जीवर त्यांचे काम चाले. मर्जी फिरली की अहवाल कपाटात जाई, आणि बहुतेक अहवालांचे तसेच झाले. लिहिण्यात नीटनेटकेपणा नव्हता, हाती घेतलेले अर्धे टाकून दुसरे धरण्याची सवय होती. प्रकृती ढासळल्यामुळे १९२४ मध्ये त्यांनी मुंबई सोडली आणि दक्षिण फ्रान्समधील माँपेलिए येथे विद्यार्थ्यांसाठी एक निवासी संस्था काढली. भोवतालच्या खडकाळ जमिनीवर बाग करण्यात त्यांचे शेवटचे दिवस गेले. १९३२ च्या आरंभी त्यांना सर हा किताब मिळाला आणि १७ एप्रिल १९३२ रोजी तेथेच त्यांचे निधन झाले.