न्यायालयाला टाळे लावणारा न्यायमूर्ती

सरकारनेच न्यायालयाचा हुकूम धुडकावला, तर न्यायाधीशाने करावे काय? सुमारे दोन शतकांपूर्वी हा प्रश्न मुंबईत सर जॉन पीटर ग्रँट यांच्यापुढे उभा ठाकला. त्यांनी न्यायालयच बंद केले.

ग्रँट यांचा जन्म १७७४ चा. स्कॉटलंडच्या डोंगराळ मुलखातील रॉथीमर्कसचे ते जमीनदार. त्यांनी वकिली केली, ब्रिटिश पार्लमेंटचे सदस्यत्वही भूषविले. पण कर्जाने घराणे पोखरले. १८२७ मध्ये मुंबईच्या सुप्रीम कोर्टात न्यायाधीशपद मिळाले, तेव्हा त्यांनी पन्नाशी ओलांडली होती.

हे कोर्ट राजाच्या सनदेने स्थापन झालेले, तर मुलखाचा कारभार ईस्ट इंडिया कंपनीच्या हाती. मुंबई बेटाबाहेरच्या एतद्देशीय रयतेवर राजाच्या कोर्टाची सत्ता चालते की नाही, हा वाद धुमसत होताच. १८२८ मध्ये तो पेटला. पुण्यातील मोरो रघुनाथ या चौदा वर्षांच्या मुलाला त्याचे नातलग व पालक पांडुरंग रामचंद्र ढमढेरे यांनी डांबून ठेवल्याची तक्रार आली. मुलाला हजर करा, असा हेबियस कॉर्पसचा हुकूम कोर्टाने काढला.

ढमढेरे हे पुण्याचे मातबर सरदार. गव्हर्नर सर जॉन माल्कम यांना कंपनीच्या राज्यात सरदारांचा मान सांभाळायचा होता. ऑक्टोबर १८२८ मध्ये त्यांनी न्यायाधीशांना पत्र धाडून असे हुकूम अमलात येऊ देणार नसल्याचे कळविले. खटल्यातील पक्षकाराने अपील करावे, हे रीतीला धरून होते. सरकारने न्यायासनाला परस्पर समज देणे नव्हे. तोवर सरन्यायाधीश सर एडवर्ड वेस्ट निवर्तले होते. त्याच महिन्यात सर चार्ल्स चेंबर्सही गेले. तीन न्यायाधीशांच्या कोर्टात ग्रँट एकटे उरले.

त्यांनी पुन्हा हुकूम काढला. अवज्ञा केल्यास दंडाची तंबी दिली. सरकार ढिम्म हलले नाही. कोर्टाचा अवमान उघड होता. पण तो करणाऱ्याच्याच हाती फौज आणि पोलीस. अखेर १ एप्रिल १८२९ रोजी, आपल्या हुकमांना मान मिळेपर्यंत कोर्ट चालणार नाही, असे ग्रँट यांनी जाहीर केले.

त्याची किंमत सामान्य पक्षकारांनी मोजली; त्यांचे खटले खोळंबले. लंडनमधील बड्यांनी खासगी पत्रात ग्रँट यांची तुलना माणसाळवायच्या रानहत्तीशी केली. ते पत्र फुटले आणि गहजब झाला. मात्र १८२९ मध्येच प्रिव्ही कौन्सिलने त्यांच्या विरोधात कौल दिला: मुंबईबाहेरील अशा रयतेवर तो हुकूम चालत नाही. कोर्ट पुन्हा उघडले. ग्रँट मुंबई सोडून कलकत्त्यास गेले, तेथे वकिली केली आणि १८३३ मध्ये तेथील न्यायाधीश झाले. १८४८ मध्ये मायदेशी परतताना समुद्रातच त्यांचे निधन झाले.

अधिकारक्षेत्राच्या मुद्द्यावर ग्रँट हरले. हुकूम चुकीचा असला, तरी तो वरिष्ठ न्यायालयाने रद्द करायचा, सरकारने नव्हे, हा त्यांचा आग्रह मात्र टिकला. २००६ मध्ये आदेश डावलल्याबद्दल महाराष्ट्राच्या एका मंत्र्याला आणि प्रधान सचिवाला सर्वोच्च न्यायालयाने एक महिन्याची कैद सुनावली. ग्रँट यांच्या हाती असे बळ नव्हते. त्यांच्यापाशी होती ती केवळ न्यायालयाच्या दाराची किल्ली.