विश्लेषण : सेन्सॉर बोर्डाशी दादा कोंडके यांचे सतत खटके का उडायचे?

‘सोंगाड्या’, ‘पांडू हवालदार’, ‘राम राम गंगाराम’... या चित्रपटांवर आजही हशा पिकतो. त्यावर हसणाऱ्या अनेकांचा जन्म दादांच्या निधनानंतरचा आहे. अभिनेता, गीतकार, निर्माता, दिग्दर्शक अशी सगळी कामे या एकाच माणसाने केली. पण सर्वाधिक वाद झाला तो त्यांच्या द्वयर्थी विनोदावर. हा विनोद आला कुठून?

सुरुवात कशी झाली?

कृष्णा ऊर्फ दादा कोंडके यांचा जन्म ८ ऑगस्ट १९३२ रोजी मुंबईत, नायगावमधील गिरणी कामगाराच्या घरात झाला. ‘अपना बाजार’मधील नोकरी, बँडमध्ये वादन आणि सेवा दलाचे कलापथक अशी त्यांची जडणघडण. १९६५ मध्ये वसंत सबनीस यांचे ‘विच्छा माझी पुरी करा’ हे लोकनाट्य रंगभूमीवर आले आणि त्यातील हवालदाराने दादांना घराघरांत पोहोचवले. या लोकनाट्याचे दीड हजारांहून अधिक प्रयोग झाले.

रंगमंचावर काय वेगळे होते?

गण, गवळण, बतावणी, वग अशी तमाशाची रचना असते. त्यात सोंगाड्याला ऐन वेळी भर घालण्याची मुभा असते. नाटकाची संहिताही परिनिरीक्षण मंडळाकडून मंजूर करून घ्यावी लागत असे. पण समोरचे प्रेक्षक आणि त्या दिवशीचे राजकारण बघून सुचलेली कोटी संहितेत कुठून असणार? दादांची खरी ताकद तीच होती.

चित्रपटात अडचण काय झाली?

भालजी पेंढारकरांच्या ‘तांबडी माती’तून (१९६९) दादा पडद्यावर आले. पाठोपाठ १९७१ मध्ये स्वतः निर्मिती केलेला ‘सोंगाड्या’ आला. दादरचे ‘कोहिनूर’ चित्रपटगृह मिळेना, तेव्हा बाळासाहेब ठाकरे आणि शिवसैनिक मदतीला धावले. ‘पांडू हवालदार’पासून (१९७५) दिग्दर्शनही त्यांनी हाती घेतले. सलग नऊ चित्रपटांचे रौप्यमहोत्सव झाल्याने त्यांचे नाव गिनीज बुकात गेले.

पण चित्रपटात ऐन वेळचे काही उरत नाही. प्रत्येक शब्द फिल्मवर कायमचा राहतो आणि प्रदर्शनाआधी सेन्सॉरसमोर जातो. संघर्षाचे मूळ इथेच आहे.

द्वयर्थी शब्दावर कात्री चालवणे अवघड का?

‘अंधेरी रात में दिया तेरे हाथ में’ (१९८६) हे त्यांच्या हिंदी चित्रपटाचे नावच बघा. वाचणाऱ्याला अंधारातला दिवा दिसतो. कानाला मात्र ‘दिया’ म्हणजे दिवाही आणि ‘दिले’ही. दुसरा अर्थ ऐकणाऱ्याच्या डोक्यात तयार होतो. तो कापायचा, तर आधी तो अर्थ आपल्याला कळला, हे सेन्सॉरला मान्य करावे लागते. दादांचा बचाव याच मुद्द्यावर उभा असे.

टीका रास्त होती का?

काही अंशी होती. अनेक विनोदांचा रोख बाईच्या शरीरावर होता आणि आज ते खटकतात. दुसरीकडे, पांढरपेशा चित्रपटांत क्वचित दिसणारा भोळा, अर्धी चड्डीवाला गावकरी त्यांनी नायक केला आणि गिरणी कामगार व ग्रामीण प्रेक्षकांनी चित्रपटगृहे भरली. आक्षेपातला काही भाग अश्लीलतेवर होता, तर काही या बोलीवर. त्या दोन्हींची गल्लत तेव्हाही झाली, आजही होते.

१४ मार्च १९९८ रोजी मुंबईत दादांचे निधन झाले. त्यांचे चित्रपट आजही बघता येतात. ‘विच्छा’च्या प्रयोगात त्या-त्या रात्री सुचलेल्या कोट्या मात्र त्या रात्रीच्या प्रेक्षकांपुरत्याच राहिल्या.