संमतीवाचून उभारलेला ध्वज

माणसाचे कर्तृत्व आणि त्याच्या हातून घडलेला अन्याय यांचा जमाखर्च एकाच वहीत मांडण्याची वेळ येते, तेव्हा इतिहासाच्या वाचकाची खरी कसोटी लागते. कॅप्टन जेम्स कूक या इंग्रज दर्यावर्दीचे चरित्र अशीच कसोटी पाहणारे आहे.

यॉर्कशायरमधील मार्टन या खेड्यात १७२८ साली एका शेतमजुराच्या पोटी कूकचा जन्म झाला. काही काळ दुकानात उमेदवारी केल्यावर तो व्हिटबीच्या कोळसावाहू गलबतांवर रुजू झाला आणि तेथेच नौकानयन शिकला. १७५५ साली त्याने राजाच्या आरमारात साधा खलाशी म्हणून प्रवेश केला. कुलीनांची मक्तेदारी असलेल्या त्या आरमारात हा मजुराचा मुलगा केवळ गुणांच्या बळावर वर चढला. न्यूफाउंडलंडच्या किनाऱ्याचे त्याने केलेले नकाशे त्याच्या चिकाटीची साक्ष देतात.

१७६८ साली ‘एंडेव्हर’ हे जहाज घेऊन तो निघाला, तो ताहिती बेटावरून शुक्राचे अधिक्रमण पाहण्यासाठी. ३ जून १७६९ रोजी ते कार्य उरकले. परंतु त्याच्यापाशी आरमार खात्याचा एक गुप्त हुकूमही होता. दक्षिणेकडे असल्याचे मानलेले महाखंड शोधावे आणि तेथील रहिवाशांच्या संमतीने सोयीची ठिकाणे राजाच्या नावे ताब्यात घ्यावीत; प्रदेश निर्जन असेल तरच प्रथम शोधक म्हणून हक्क सांगावा, असा त्याचा आशय होता. संमतीची ही अट वाचकांनी ध्यानात ठेवावी, अशी आमची विनंती आहे.

न्यूझीलंडला प्रदक्षिणा घालून २९ एप्रिल १७७० रोजी कूक ऑस्ट्रेलियाच्या पूर्व किनाऱ्यावर बॉटनी बे येथे उतरला. डच दर्यावर्दी १६०६ पासून या खंडाच्या अन्य किनाऱ्यांना लागले होते. पूर्व किनारा मात्र युरोपास अज्ञात होता. दोन आदिवासी पुरुष भाले घेऊन आडवे आले, तेव्हा त्यांच्यावर बंदुका झाडण्यात आल्या. संमती नाही, हे याहून स्पष्टपणे कोणत्या भाषेत सांगावयाचे? पुढे जूनमध्ये जहाज प्रवाळाच्या खडकावर आदळले आणि दुरुस्तीसाठी कित्येक आठवडे एका नदीच्या मुखाशी थांबावे लागले. तेथील लोकांशी परिचय झाला, कासवांवरून तंटा झाला आणि समेटही झाला. हे लोक युरोपियनांहून अधिक सुखी असावेत, असे कूकने आपल्या रोजनिशीत नोंदविले आहे. इतके पाहूनही २२ ऑगस्ट १७७० रोजी केप यॉर्कजवळच्या एका लहानशा बेटावर त्याने ध्वज उभारला आणि सारा पूर्व किनारा तिसऱ्या जॉर्ज राजाच्या नावे घोषित केला. कोणालाही विचारले नाही.

दुसऱ्या सफरीत, १७७३ साली, त्याने दक्षिण ध्रुववृत्त ओलांडले. ते ओलांडणारे हे पहिलेच ज्ञात जहाज होय. कल्पनेतले समृद्ध महाखंड अस्तित्वात नाही, हे त्याने सिद्ध केले. तिसऱ्या सफरीत, १४ फेब्रुवारी १७७९ रोजी, चोरीस गेलेल्या होडीच्या बदल्यात हवाईच्या राजाला ओलीस धरण्याच्या प्रयत्नात तो मारला गेला.

त्या ध्वजाचे परिणाम मात्र त्याच्यामागेही उरले. १७८८ साली कैद्यांची पहिली वसाहत आली. रोगराई आणि बंदूक यांनी मूळ रहिवाशांची दैना केली. ती भूमी कोणाच्याच मालकीची नव्हती, या कल्पनेवर तेथील कायदा उभा राहिला. ती कल्पना ऑस्ट्रेलियाच्या सर्वोच्च न्यायपीठाने एडी माबो यांच्या खटल्यात फेटाळली, ती ३ जून १९९२ रोजी. एका संमतीवाचूनच्या घोषणेची चूक कबूल करण्यास २२२ वर्षे लागली!

परक्या राजाच्या नावाने आपल्या भूमीवर हक्क सांगितला जाणे म्हणजे काय, हे आम्हा गोमंतकीयांना पुस्तकातून शिकावे लागत नाही. म्हणूनच कूकची निंदानालस्ती करण्यात आम्हाला स्वारस्य नाही. त्याचे नकाशे अचूक होते, धैर्य अस्सल होते. परंतु किनाऱ्याची प्रत्येक खाच टिपणाऱ्या त्या डोळ्यांनी माणसे पाहिली, तरी त्यांचा हक्क पाहिला नाही. कर्तृत्वाला वंदन करावे. मात्र त्या वंदनाच्या भरात बळींचा विसर पडू देऊ नये, एवढेच आमचे सांगणे आहे.