‘मोडशी’ जगाला कळवणारा गोव्याचा डॉक्टर. मृत्यूनंतर बारा वर्षांनी हाडे उकरून जाळली

पिरनवाडी : पावसाळ्याच्या तोंडावर एखाद्याला उलट्या-जुलाब सुरू झाले की पिरनवाडी, जांबोटी, खानापूर भागातल्या जुन्या बायका आजही सहज म्हणतात, मोडशी झाली. अपचनापासून पटकीपर्यंत सगळ्याला हा एकच शब्द. पिरनवाडीच्या नाक्यावरून जो रस्ता जांबोटी, कणकुंबी, चोर्ला करत गोव्यात उतरतो, त्या गोव्यात १५६३ साली छापलेल्या एका पोर्तुगीज पुस्तकात हाच शब्द ‘मोर्शी’ असा आला आहे. पुस्तक लिहिणारा डॉक्टर होता गार्सिया द ओर्ता. भारतातल्या पटकीचं इतकं तपशीलवार वर्णन त्याआधी कुठल्या युरोपीय वैद्याने छापून ठेवलेलं नव्हतं.

ओर्ता हाही सीमाभागातलाच माणूस. पोर्तुगालमध्ये स्पेनच्या हद्दीला लागून कास्तेलो द विद नावाचं डोंगरावरचं गाव आहे, तिथे १५०१ च्या सुमारास त्याचा जन्म झाला. आईवडील मूळचे हद्दीपलीकडचे, स्पेनचे ज्यू. १४९२ साली स्पेनच्या राजाराणीने ज्यूंना देशाबाहेर काढलं, तेव्हा ही माणसं चार कोस चालून पोर्तुगालमध्ये आली. पण १४९७ साली पोर्तुगालनेही ज्यूंना सक्तीने ख्रिस्ती केलं. अशा घरांना ‘नवे ख्रिस्ती’ म्हणत. देवळात जायचं, नाव ख्रिस्ती घ्यायचं, आणि तरी शेजाऱ्यांनी संशयाने बघायचं, हे त्यांच्या वाट्याला कायमचं आलं. ओर्ताच्या आयुष्यातली बरीचशी कोडी इथे सुटतात.

मुलगा हुशार निघाला. स्पेनमध्ये सालामांका आणि अल्काला इथल्या विद्यापीठांत तो शिकला, १५२३ साली गावी परतला, १५२६ मध्ये वैद्यकीचा परवाना मिळवला. पुढे लिस्बनला विद्यापीठात शिकवायला लागला. चांगली जागा, चांगलं नाव. पण तेव्हा पोर्तुगालमध्ये इन्क्विझिशन म्हणजे धर्मन्यायालय आणायच्या हालचाली चालू होत्या. ते १५३६ मध्ये आलंच. त्याआधीच, १२ मार्च १५३४ रोजी ओर्ता हिंदुस्थानच्या जहाजावर चढला होता. दर्यासारंग मार्तिम आफोंसो द सोझा याचा खासगी वैद्य म्हणून तो निघाला आणि सप्टेंबरमध्ये गोव्यात पोचला. नव्या औषधी झाडपाल्याची ओढ होती हे खरं. पण लिस्बनपासून जितकं लांब तितकं बरं, हा हिशेबही त्याने नक्की केला असणार.

त्या वेळी गोवा पोर्तुगीजांच्या हाती येऊन पंचवीस वर्षंही झाली नव्हती. घाटावर आदिलशाही. बेळगाव असदखानाकडे; किल्ल्यातली साफा मशीद त्याचीच. ओर्ता आपल्या पुस्तकात घाटावरच्या मुलखाला बालाघाट म्हणतो. गोव्याच्या बाजारात घाटावरून आणि समुद्रातून येणारा माल, तो आणणारे व्यापारी, त्यांच्याबरोबरचे हकीम आणि वैद्य, हीच पुढे त्याची शाळा झाली.

पहिली काही वर्षं तो सोझाबरोबर मोहिमांवर फिरला. सोझा मायदेशी गेल्यावर ओर्ता गोव्यातच राहिला. दवाखाना जोरात चालला. गव्हर्नर, व्हाइसरॉय त्याच्याकडे येत. अहमदनगरचा बुऱ्हाण निजामशहा तर त्याचा स्नेहीच झाला. ओर्ता अहमदनगरला जाऊन त्याच्यावर उपचार करी. सुलतान त्याला रोगांची अरबी नावं शिकवी आणि तो सुलतानाला लॅटिन. वर्षातले काही महिने येऊन राहा म्हणून निजामशहाने मोठी रक्कम देऊ केली होती, ओर्ताने ती घेतली नाही. शिवाय तो रत्नांचा आणि औषधी मालाचा व्यापारही करी. नुसत्या वैद्यकीवर कुणी एवढा श्रीमंत होत नाही.

१५४३ हे साल त्याने कसं काढलं असेल, याचा विचार करावा लागतो. सोझा आता गव्हर्नर होऊन परत आला होता. त्या वर्षी गोव्यात पटकी आली. गास्पार कोरैया या बखरकाराने लिहून ठेवलंय की प्रेतयात्रा इतक्या निघू लागल्या, की मेलेल्यासाठी घंटा वाजवायला गव्हर्नरने मनाई केली. लोक धसका घेतील म्हणून. रोग काय आहे ते बघायला एक प्रेत फाडण्याचाही हुकूम झाला. आत काही सापडलं नाही, जठर मात्र आकसून सुरकुतलेलं होतं. पोट फाडून कारण शोधायचा हा प्रयत्न आजच्या शवविच्छेदनाच्या फार जवळचा आहे. कारण पाण्यात होतं, आणि ते कळायला जॉन स्नोच्या लंडनमधल्या शोधापर्यंत, म्हणजे १८५४ पर्यंत, जगाला थांबावं लागलं.

त्याच १५४३ साली गोव्यात जेरोनिमो दियास नावाच्या एका वैद्याला धर्मद्रोहाच्या आरोपावरून मारून जाळण्यात आलं. तोही नवा ख्रिस्तीच. ओर्ता त्याच शहरात राहत होता, त्याच धंद्यात होता. त्याच्या पुस्तकात या गोष्टीचा उल्लेख नाही. करता येणारच नव्हता.

त्याचं पुस्तक १० एप्रिल १५६३ रोजी जोआंव द एंदें याच्या छापखान्यात छापून झालं. गोव्यात छपाईयंत्र येऊन सातच वर्षं झाली होती. छपाई इतकी गचाळ की मागे शुद्धिपत्राची लांबलचक यादी जोडावी लागली. नाव साधारण असं : हिंदुस्थानातील औषधी आणि द्रव्ये यांविषयी संवाद. विद्वानांची भाषा लॅटिन. त्याने मुद्दाम पोर्तुगीजमध्ये लिहिलं, म्हणजे इथल्या व्यापाऱ्यांना आणि औषध विकणाऱ्यांनाही वाचता यावं. पुस्तकाच्या सुरुवातीला कामोइश या कवीची एक कविता आहे. तो पुढे पोर्तुगालचा महाकवी झाला, पण तेव्हा गोव्यात दिवस काढणारा एक तंगीतला शिपाईगडी होता.

पुस्तकात दोन माणसं बोलतात. एक खुद्द ओर्ता, दुसरा रुआनो नावाचा काल्पनिक डॉक्टर, नुकताच स्पेनच्या विद्यापीठातून आलेला आणि जुन्या ग्रीक ग्रंथांवर पूर्ण भिस्त ठेवणारा. रुआनो गेलन आणि डायोस्कोरिडीसची नावं घेतो, ओर्ता सांगतो की मी डोळ्यांनी पाहिलेलं वेगळं आहे. एका ठिकाणी तो कबूलही करतो, की स्पेनमध्ये असतो तर गेलनविरुद्ध बोलायची आपली छाती झाली नसती. हिंग, वेलदोडा, दालचिनी, अफू, भांग, धोतरा, फणस, आंबा, विड्याचं पान, हिरे, हस्तिदंत, सगळ्यावर संवाद आहेत. मधेच नोकर येतो, रुग्ण बोलावतो, अंतोनिया नावाची मोलकरीण बागेतून पाला तोडून आणते. अंतोनिया गुलाम होती. पाला आणणारी तीच, ओळखणारीही बहुधा तीच, आणि पुस्तकात तिच्या वाट्याला दोन-चार वाक्यं. मालुपा नावाचा एक हिंदू वैद्यही येतो. आपल्याकडच्या कानाला हे नाव मल्लाप्पासारखं लागतं.

पटकीवरच्या संवादातही असंच होतं. बोलणं चालू असताना निरोप येतो की एका सरदाराच्या भावाला मोर्शी झाली, लगेच या. दोघे उठून जातात. मग लक्षणं सांगितली आहेत : नाडी जवळजवळ लागत नाही, अंग गार, थंड घाम, आतून आग आणि तहान, डोळे खोल गेलेले, झोप नाही, पायांत गोळे. माणूस बहुतेक एका दिवसात जातो, काही तर दहा तासही काढत नाहीत. जून-जुलैमध्ये जोर जास्त. ज्यांनी पटकीची साथ पाहिली आहे अशा कुणालाही हे वर्णन आजचं वाटेल.

इथले वैद्य काय करतात तेही त्याने नोंदवलं. मिरी-जिरं घातलेलं तांदळाचं पाणी म्हणजे कांजी पाजतात. पायांना डाग देतात. गोळे आले तर हात-पाय पट्ट्यांनी आवळून बांधतात, पान खायला देतात. यातल्या डागण्याचा उपयोग शून्य. कांजीचं मात्र तसं नाही. शरीरातलं पाणी गेल्याने माणूस मरतो, आणि तांदळाच्या पेजेत मीठ घालून दिलं तर ते पाणी भरून निघतं, हे आजचं वैद्यकशास्त्रही मानतं. ओर्ताने कांजीला हसून सोडलं नाही, लिहून ठेवलं.

आवेसाठी इथे कुड्याची साल वापरतात, हेही त्याच्या पुस्तकात आहे. आपल्या जंगलात कुडा अजून आहे आणि ज्यांच्या घरी जुनी माणसं आहेत त्यांना त्याची कडू चव ठाऊक असेल. आपली पद्धत ओर्ताने सरळ सांगितली : आधी युरोपातले उपाय करून बघायचे, गुण येत नाही असं दिसलं की इथल्या वैद्यांचं औषध द्यायचं. या वैद्यांना शरीररचना माहीत नाही अशी टीकाही त्याने केली आहे. तो कुणाची आरती करत नव्हता. पण ज्या काळात त्याच्या बरोबरीचे लोक इथल्या सगळ्याला अंधश्रद्धा म्हणत होते, त्या काळात नावानिशी, तपासून, उपयोग झाला की नाही ते लिहिणं हे लहान काम नव्हे.

मोर्शी शब्दाची पुढची गंमत अशी, की पोर्तुगीजांच्या तोंडी तो ‘मोर्देशीं’ झाला आणि फ्रेंचांनी त्याचा ‘मोर-द-शियँ’ करून टाकला. फ्रेंचमध्ये त्याचा अर्थ कुत्र्याचं मरण. आपल्या ‘मोडणे’वरून आलेला साधा शब्द.

१५५४ च्या सुमारास व्हाइसरॉयने ओर्ताला मुंबई बेट भाडेपट्ट्याने दिलं. होय, तीच मुंबई. तेव्हा नारळी, आंबे आणि खाजण. तिथल्या एका आंब्याला वर्षातून दोनदा फळ येतं हे तो कौतुकाने सांगतो. त्याच्या वाड्याच्या जागीच पुढे इंग्रजांचा किल्ला उभा राहिला.

घरात सुख कमीच होतं. बायको ब्रियांदा हिच्याशी पटत नसे. १५४७ मध्ये लिस्बनच्या धर्मन्यायालयाने त्याच्या बहिणींना पकडलं. त्या सुटल्या आणि १५४९ ला आईसह गोव्यात आल्या. त्यांना वाटलं असेल, आता सुटलो. पण १५६० मध्ये धर्मन्यायालयच गोव्यात आलं. ओर्ताचं पुस्तक त्यानंतर तीन वर्षांनी निघालं, त्याच न्यायालयाच्या सावलीत. बड्या लोकांची ओळख होती तोवर त्याला कुणी हात लावला नाही.

१५६८ साली तो वारला. नंतर लगेच घरच्यांची धरपकड सुरू झाली. बहीण कातारिना हिला २५ ऑक्टोबर १५६९ रोजी गोव्यात जाळण्यात आलं. ओर्ता मनातून ज्यूच होता, असं चौकशीत घरच्या माणसांकडून वदवून घेतलं गेलं. मेलेल्या माणसावर खटला चालला. ४ डिसेंबर १५८० रोजी त्याची हाडं कबरीतून काढून जाळली. हे सगळं कागदात दडून राहिलं होतं. १९३४ मध्ये एका पोर्तुगीज संशोधकाने ते छापलं, तोवर ओर्ताचे चरित्रकारही त्याला सुखाने मेलेला मोठा डॉक्टर समजत होते.

पुस्तक मात्र आधीच निसटलं होतं. क्लूसियस नावाच्या वनस्पतितज्ज्ञाने त्याचा लॅटिन सारांश १५६७ मध्ये अँटवर्पला छापला. हाडं जाळली त्याच्या आदल्याच वर्षी, १५७९ मध्ये, तिथे त्याची नवी आवृत्ती निघाली होती. पणजीत चर्चसमोरच्या चौकातल्या बागेला गार्सिया द ओर्ताचं नाव दिलेलं आहे.