कारेल हाशलर : प्रागच्या जुन्या गल्ल्यांचा गायक-नट

चेक रंगभूमीच्या आणि आरंभीच्या चेक चित्रपटाच्या इतिहासात कारेल हाशलर यांची नोंद नट म्हणून होते. पण प्रागच्या सामान्य माणसाने त्यांना आपले मानले ते त्यांच्या गाण्यांमुळे. याच गाण्यांनी त्यांना कीर्ती दिली आणि अखेरीस त्यांचा प्राणही घेतला.

३१ ऑक्टोबर १८७९ रोजी प्रागच्या ज्लीखोव या भागात एका काचकामगाराच्या घरी त्यांचा जन्म झाला. घरच्यांनी त्यांना हातमोजे शिवण्याच्या धंद्यात घातले. तो त्यांनी शिकून घेतला, पण ओढ रंगभूमीचीच होती. फिरत्या नाटक मंडळ्यांतून कामे करीत, ल्युब्लियाना येथील रंगभूमीचा अनुभव घेऊन ते १९०३ मध्ये प्रागच्या राष्ट्रीय नाट्यगृहात दाखल झाले. चेक नटाला याहून मोठा मान नव्हता. तरीही प्रतिष्ठित रंगमंचाबरोबरच त्यांनी कॅबरेची वाट धरली. लुत्सेर्ना येथील कॅबरेत ते स्वतः रचलेली गाणी म्हणू लागले. जुन्या प्रागचे जिने, दिवे आणि शिपाई हे त्या गाण्यांचे विषय होते. १९१५ मध्ये राष्ट्रीय नाट्यगृहाशी असलेले त्यांचे नाते संपले. गाणे मात्र सुटले नाही.

१९२७ च्या ‘बाटालिओन’ या मूकपटात त्यांनी दारूच्या आहारी जाऊन गुत्त्यात आयुष्य घालवणाऱ्या वकिलाची प्रमुख भूमिका केली. आवाजावर जगणाऱ्या या कलावंताला येथे केवळ चेहऱ्यावर आणि देहबोलीवर विसंबावे लागले, आणि त्यांच्यातील नटाचे सामर्थ्य त्यातूनच दिसले. पुढे बोलपट आला. १९३२ च्या ‘पिस्निच्कार्श’ या चित्रपटात ते पडद्यावर गाऊ लागले आणि चेक गीताचा गौरव करणारे त्यातील गाणे घरोघरी पोहोचले.

मार्च १९३९ मध्ये नाझी जर्मनीने प्राग व्यापले, तेव्हा याच गाण्यांचा अर्थ बदलला. मातृभाषेतील साधे गीतही श्रोत्यांना धीर देऊ लागले. हाशलर यांनी आपली देशप्रेमाची गाणी थांबवली नाहीत. सप्टेंबर १९४१ मध्ये एका चित्रपटाचे चित्रीकरण चालू असतानाच गेस्टापोने त्यांना अटक केली. तेथून त्यांची रवानगी ऑस्ट्रियातील माउटहाउजेन छळछावणीत झाली. तेथे अमानुष छळ होऊन २२ डिसेंबर १९४१ रोजी, वयाच्या बासष्टाव्या वर्षी, त्यांचा मृत्यू झाला.

प्रागच्या किल्ल्याकडे जाणाऱ्या ज्या जुन्या पायऱ्यांवर त्यांनी गाणे रचले, तेथे आज त्यांचा पुतळा आहे. त्यांची गाणी चेक माणसाच्या ओठांवर अजून आहेत. त्यांना गप्प करू पाहणारी राजवट मात्र त्यांच्या मृत्यूनंतर साडेतीन वर्षांच्या आतच कोसळली.